नणंदेचा दाखला

लोक विचारतात, "तुम्ही नेमकी कसली वकिली करता हो?" खून-दरोडे नाहीत, घटस्फोट नाहीत, बिल्डरांचीही कामं नाहीत. मी सांगते, "चारित्र्याची." समोरचा माणूस लगेच सावरून बसतो.

गोष्ट तशी साधी आहे. नोकरी सरकारी असो, शाळेतली असो की एखाद्या सिक्युरिटी कंपनीतली, रुजू होताना पोलिसांकडून पडताळणी होते. तुमच्या नावावर गुन्हा आहे का, असला तर कसला, आणि त्याचं पुढे काय झालं, एवढंच पोलीस कळवतात. त्या कागदाला आपण मोठ्या भक्तिभावाने चारित्र्याचा दाखला म्हणतो. आता पोलिसांना कुणाचं चारित्र्य कुठून दिसणार? त्यांना रेकॉर्ड दिसतं. सख्ख्या भावाची खोली गिळून बसलेल्या माणसाचा दाखला स्वच्छ येतो, आणि पाण्याच्या मोर्च्यात हंडा वाजवलेल्या बाईचा अडतो. जिथे अडतो तिथे माझं काम सुरू होतं.

ती हंड्याची बाई खरीच. परळची. स्कूलबसवर मुलांना चढवायचं-उतरवायचं काम तिला मिळालं होतं आणि रस्ता अडवल्याचा जुना गुन्हा आडवा आला. मी तिच्यासाठी अर्ज लिहिला, की आंदोलन शांततेत होतं, खटला मागे घेतलेला आहे वगैरे. वाचून दाखवला तर म्हणाली, "आणि दुसऱ्या दिवशी पाणी आलं, ते पण टाका ना त्यात." मी टाकलं नाही. टाकायला हवं होतं असं अजून वाटतं.

दुसरा एक मुलगा, तोही परळचाच. गिरणगावात कोकणातली माणसं पिढ्यान्‌पिढ्या राहिली, पण नावं फिरून फिरून तीच. ह्याचं नाव, बापाचं नाव, आडनाव, सगळं शेजारच्या चाळीतल्या एका मारामारीवाल्याशी तंतोतंत जुळत होतं. शेवटी त्या मारामारीवाल्यालाच मी पोलीस ठाण्यात घेऊन गेले. माणूस भला. फौजदारांना म्हणाला, "साहेब, तो मी आहे. ह्याला कशाला पकडता? हा तर गणपतीत पण नाचत नाही."

फणसवाडीतल्या आमच्या तळमजल्यावरच्या घराची पुढची खोली म्हणजे माझं ऑफिस. मागे कुकरच्या शिट्ट्या वाजत असतात आणि पुढे माणसं आपली अडलेली नोकरी घेऊन बसलेली असतात. इतकी वर्षं त्यांच्यासमोर बसून एक समजूत झाली होती, की माणसाला दाखला हवा असला म्हणजे तो स्वतःबद्दल चांगलंच बोलणार. ती समजूत ज्यांनी मोडली त्या मायलेकींबद्दल लिहायला बसले आहे. नावं अर्थातच बदलली आहेत.

दर्शना पेडणेकर आईला घेऊन आली होती. दोघी दर्शनाच्या भावाबरोबर लालबागच्या चाळीत राहायच्या. वडील गिरणीत होते. ते जाऊन बराच काळ लोटला होता. दर्शना नर्स. एका मोठ्या सार्वजनिक रुग्णालयाच्या भरतीत चांगल्या क्रमांकाने निवडली गेली, वैद्यकीय तपासणी झाली, आणि पोलीस पडताळणीत अडकली. गुन्हा होता विवाहितेच्या छळाचा. तक्रार करणारी तिची भावजय, स्मिता. आरोपी तिघं: भाऊ महेश, आई आणि ही नणंद. तेव्हा दर्शना नर्सिंगच्या पहिल्या वर्षाला होती. खटला रेंगाळला, मग तडजोड झाली. महेश आणि स्मिता राजीखुशीने वेगळे झाले, स्मिताने साक्षीत 'आता काही आठवत नाही' असं सांगितलं आणि तिघंही सुटले.

नोकरीच्या अर्जात एक प्रश्न असतो: तुमच्यावर कधी खटला झाला आहे का? पुष्कळजण 'नाही' लिहून मोकळे होतात. सुटलो ना, मग कशाला सांगा! ते लपवणंच पुढे भोवतं. दर्शनाने 'होय' लिहून निकालाची प्रतसुद्धा जोडली होती. मी मनात म्हटलं, अर्धं काम हिनेच करून ठेवलंय.

उरलेलं अर्धं अवघड होतं. निर्दोष सुटणं दोन तऱ्हेचं असतं. एक, आरोपच खोटा होता म्हणून सन्मानाने सुटणं. दुसरं, पुरावा पुढे आला नाही म्हणून सुटणं. दर्शनाची सुटका दुसऱ्या तऱ्हेची. रुग्णालयाने तेवढंच धरलं. ज्या व्यक्तीवर स्त्रीच्या छळाचा आरोप होता आणि जी केवळ पुराव्याअभावी सुटली, तिच्यावर रुग्णांची जबाबदारी सोपवता येत नाही, सबब नेमणूक रद्द. दर्शनाची वयोमर्यादा संपत आली होती. ही जागा गेली तर पुन्हा परीक्षेला बसायची सोय नव्हती.

मी उच्च न्यायालयात करायची याचिका तयार केली आणि मायलेकींना वाचायला बोलावलं. असल्या याचिकेत एक ठरलेलं वाक्य असतं: सदर तक्रार खोटी असून द्वेषापोटी केलेली होती. आम्ही वकील ते न बघता लिहितो.

दर्शनाने त्यावर बोट ठेवलं. "मॅडम, हे काढाल?"

"का गं?"

"खोटी नव्हती तक्रार."

तिची आई शेजारीच बसली होती. ठेंगणी, कपाळावर मोठं गोंदण, पदर खांद्यावरून घट्ट ओढलेला. ती एकदम म्हणाली, "अगो, काय बोलतंस तू? वकीलबाई, पोरगी घाबरली आसा. तुमी तसांच रवांदे."

"घाबरले नाहीये मी, आई." दर्शना शांतपणे म्हणाली. "दादा मारायचा वहिनीला. कामावर जाताना बाहेरून कडी लागायची. तिने जे लिहून दिलं ते सगळं खरं होतं. खोटं होतं ते माझं नाव."

कडी 'लागायची' म्हणाली. कोण लावायचं ते बोलली नाही. आई खिडकीबाहेर बघत राहिली.

मग दर्शनाने जे घडलं ते सांगितलं. एका दुपारी ती कॉलेजातून लवकर आली. दाराला बाहेरून कडी, आत वहिनी. ओठ फुटलेला, एक डोळा सुजून मिटलेला. दर्शनाने तिला पाणी दिलं, अंगावर आपला ड्रेस चढवला, जिन्याने खाली आणलं आणि टॅक्सीत घालून थेट तिच्या माहेरी, शीव कोळीवाड्यात नेऊन सोडलं. दुसऱ्या दिवशी स्मिता तिच्या मामाबरोबर पोलिसांत गेली आणि तक्रारीत तिघांची नावं आली.

"तुझंही? जिने तिला सोडवलं तिचं?"

"वहिनीने नाही सांगितलं मुद्दाम. तिला विचारलं, घरात कोण कोण राहतं. तिने सांगितलं. बोलायच्या अवस्थेत तरी होती का ती!"

मी खुर्चीत पुढे सरकले. एवढा हुकमी पुरावा हातात! "मग झालंच की. स्मिताचं प्रतिज्ञापत्र घेऊ. तूच तिला सोडवलंस असं तिने सांगितलं की रुग्णालयाला बोलायला जागा राहत नाही."

"नको."

"नको म्हणजे?"

"तिने साक्षीत आठवत नाही म्हणून सांगितलंय. आता आठवतं म्हणाली तर तिलाच विचारतील ना, तेव्हा खोटं का बोललीस म्हणून? एवढ्यातून सुटलीये ती. मी तिला परत कोर्टात नाही ओढणार."

शंका बिनतोड होती. मला दर्शनाचा राग आला, खरं सांगते. अशिलाने आपल्यापेक्षा वरचढ कायदा सांगितला की येतो तसला नव्हे. हातात आलेली पोर डोळ्यांदेखत पाण्यात उतरताना पाहून येतो तसला. मी म्हटलं, "दर्शना, तक्रार खोटी म्हणायची नाही, स्मिताला आणायचं नाही. मग मी कोर्टाला सांगू काय? तू हरशील."

"हरेन," ती म्हणाली. "पण वहिनी खोटारडी होती असं सही करून नाही देणार."

ते वाक्य मी काढलं. त्याऐवजी लिहिलं, की तक्रारीत दर्शनाच्या हातून घडलेलं एकही विशिष्ट कृत्य सांगितलेलं नाही. याचिका दाखल झाली, एक जागा रिकामी ठेवायचा हुकूमही मिळाला. मग रुग्णालयाचं उत्तर आलं. त्यांचे वकील हुशार. त्यांनी बरोबर तिथेच बोट ठेवलं होतं: अर्जदार तक्रार खोटी असल्याचं म्हणतसुद्धा नाही. म्हणजे त्या घरात छळ होत होता हे तिला मान्य आहे, आणि त्या घरात ती राहत होती.

मी मायलेकींना उत्तर वाचून दाखवलं. आई उठून चपला घालायला लागली. जाताना तिने मला एवढंच विचारलं, "पुढची तारीख कधी आसा?"

त्यानंतर काही दिवसांनी दुपारी दार वाजलं. दारात दर्शनाची आई आणि तिच्या मागे तिशीतली एक बाई. हसतमुख चेहऱ्याची असावी, पण आज हसत नव्हती. खांद्याला ऑफिसची पर्स, गळ्यात एका पॅथॉलॉजी लॅबचं ओळखपत्र.

"ही स्मिता," दर्शनाची आई म्हणाली.

मी दोघींना बसायला सांगितलं. स्मिताने खुर्ची मुद्दाम जराशी लांब ओढून घेतली.

"ह्या आमच्या दारात आल्या होत्या," ती मला म्हणाली. "माझ्या आईने बाहेरच्या बाहेर पाठवलं. परत आल्या. पायरीवर बसून राहिल्या. गल्लीतल्या बायका येता-जाता बोलत होत्या, काय काय बोलल्या ते मी इथे सांगत नाही. ह्या उठल्या नाहीत. मी लॅबमधून घरी आले तेव्हा मला म्हणाल्या, दर्शनाची नोकरी अडलीये. म्हणून आलेय मी. दर्शनासाठी. यांच्यासाठी नाही."

दर्शनाच्या आईने मान हलवली. जणू हे बोलणं तिने आधीच मान्य करून ठेवलं होतं.

"मॅडम, लिहून घ्या," स्मिता म्हणाली. "दर्शनाने मला कोंडलेल्या खोलीतून काढलं. मी सही करते."

मला तिला सावध करणं भाग होतं. तिची जुनी साक्ष, त्यात काय म्हटलंय, आता उलट लिहिलं तर काय होऊ शकतं, सगळं समजावलं. दुसऱ्या वकिलाचा सल्ला घे असंही सांगितलं. तिचा चेहरा उतरला, पण पर्समधून पेन काढून ती तशीच बसून राहिली. "तेव्हा पण आठवत सगळं होतं मॅडम," ती हळूच म्हणाली. "सुटायचं होतं फक्त."

तेवढ्यात दर्शनाची आई बोलली. "तिचां नको. माझां लिवा."

"तुमचं काय, मावशी?"

"कडी मी घातलंय."

मी कोरा कागद पुढे ओढला.

"महेश सांगी, आवशी, कडी घाल, ही पळतली. मी घाली. रोज घाली. ही आतून म्हणा, आई, संडासाक जावचां आसा, उघडा. मी भाजीक जाई." ती माझ्याकडे बघून बोलत होती, पण शब्द शेजारच्या खुर्चीसाठी होते. "माका वाटलां, घर असांच राखतत. माझ्या सासून माका असांच राखल्यान. माझी पोरगी नसती तर ही बाय आज हयात नसती. तां सगळां लिवा. माझ्या नावान लिवा."

स्मिताने हातातलं पेन पर्समध्ये ठेवलं आणि दोन्ही हातांनी पर्स पोटाशी धरली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, ते तिने पुसलं नाही.

मला ओळीने कायदा आठवत गेला. आरोपी म्हणून शपथेवर ही बाई कधी बोललेलीच नव्हती, त्यामुळे खोटी साक्ष दिल्याचा प्रश्न नव्हता. एकदा निर्दोष सुटलेल्या माणसाला त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा उभं करता येत नाही. म्हणजे तिला तुरुंगाचं भय नव्हतं. पण भय काय एकट्या तुरुंगाचं असतं? हे कोर्टात वाचलं जाणार होतं. महेशला कळणार होतं. ज्या चाळीत तिने सून नांदवली, पोरं वाढवली, तिथे जिन्याजिन्यावर हे बोललं जाणार होतं. मी हे सगळं तिला सांगितलं. ती म्हणाली, "तां माका ठाव आसा. तुमी लिवा."

इतक्या वर्षांत शेकडो माणसांनी माझ्यासमोर प्रतिज्ञापत्रं केली असतील. प्रत्येकात माणूस स्वतःला थोडं तरी धुऊन-पुसून घेतो. ह्या बाईने एक शब्दही मऊ करू दिला नाही. मी 'दार बंद ठेवले जात असे' असं लिहिलं, तर म्हणाली, "बंद नाय. कडी. बाहेरसून." मी खोडून तसं लिहिलं.

स्मिताकडून मी एकच वाक्य घेतलं: दर्शनाने मला कधीही कोणताही त्रास दिलेला नाही. त्यात जुन्या साक्षीच्या उलट काही नव्हतं.

संध्याकाळी दर्शना खाजगी नर्सिंग होममधली ड्युटी संपवून आली. स्मिता तोवर गेली होती. आईचं प्रतिज्ञापत्र मी तिच्या हातात दिलं. वाचून झाल्यावर तिने कागद आईपुढे धरला.

"आई, हे नको. दादा घरात ठेवणार नाही तुला."

"तू दार उघडलंस तेव्हा माका इचारलंस?" आई म्हणाली. "मग आता मीया तुका कित्याक इचारू?"

महेशने खरंच घरात ठेवलं नाही. दोघी परळला दर्शनाच्या मावशीकडे राहायला गेल्या, दोन पिशव्या आणि एक शिवणयंत्र घेऊन.

तारखेला दोघी कोर्टात मागच्या बाकावर बसल्या होत्या. रुग्णालयाच्या वकिलांनी अपेक्षेप्रमाणे आक्षेप घेतला: हे प्रतिज्ञापत्र उशिरा आलेलं आहे, सख्ख्या आईचं आहे, मुलीच्या नोकरीसाठी आई काहीही लिहून देईल. न्यायमूर्तींनी ते पुन्हा एकदा वाचलं. मग चष्मा काढून विचारलं, "या बाई हजर आहेत?"

ती उभी राहिली. सगळे वळून बघायला लागले. इंग्रजीत चाललेलं कामकाज न्यायमूर्तींनी मराठीत आणलं.

"हे तुम्हाला वाचून दाखवलं होतं का?"

"होय, साहेब."

"असं लिहायला कुणी सांगितलं तुम्हाला?"

"सांगूक कोण व्हया, साहेब? माझ्याच हातान झालां तां."

"मुलीला नोकरी मिळावी म्हणून लिहिलंत?"

इथे 'होय' म्हणाली असती तर समोरच्या वकिलांचं काम झालं असतं, आणि 'नाही' म्हणाली असती तर ते खोटं झालं असतं.

"नोकरीसाठी इलंय, साहेब," ती म्हणाली. "पण नोकरी नाय मिळाली तरी ह्यां खरां तां खरांच."

समोरचे वकील खाली बसले. ते माझ्याहून वयाने लहान, लढाऊ गृहस्थ. वाद सोडायची त्यांना सवय नाही. पण त्यांनी पुढचा मुद्दा मांडलाच नाही. नंतर बाहेर जिन्यात भेटले तेव्हा म्हणाले, "मॅडम, यावर मी काय बोलणार होतो?"

न्यायालयाने नेमणूक रद्द केल्याचा आदेश बाजूला केला. आरोप कुणावर होता एवढंच बघून भागत नाही, त्या माणसाने प्रत्यक्ष काय केलं तेही बघा, असं सांगून प्रकरण रुग्णालयाच्या समितीकडे फेरविचाराला पाठवलं. समितीने पुष्कळ वेळ घेतला. त्या काळात दर्शना परळहून खाजगी नर्सिंग होमला जात राहिली आणि तिची आई लोकांच्या साड्यांना फॉल-बिडिंग करत राहिली. एका सकाळी नेमणुकीचं पत्र आलं.

त्याच दिवशी दोघी पेढे घेऊन फणसवाडीत आल्या. दर्शना एवढी हसत होती की तिच्या गालाला खळी पडते हे मला तेव्हा कळलं. तिने स्मिताला आधीच फोन करून सांगितलं होतं. रुजू झाल्यावर ती आणि स्मिता भेटणारही होत्या.

आई मात्र चुळबुळत होती. शेवटी मला म्हणाली, "वकीलबाई, तुमच्या फोनवरसून एकदा लावशात तिका? माझो फोन ती उचलूची नाय."

मी लावला. स्मिताने उचलला. दर्शनाच्या आईला बोलायचंय, बोलशील का, असं विचारलं. ती म्हणाली, "द्या."

दर्शनाच्या आईने फोन दोन्ही हातांत धरला. "दर्शनाची आवस बोलतंय गो," ती म्हणाली. तुझी सासू नाही, तुझी आई नाही, नुसती दर्शनाची आवस, म्हणजे दर्शनाची आई. "पोरीचां काम झालां. तू इलंस म्हणान झालां. आणि मी... मी जां केलंय तां केलंय. तां माफ कर म्हणूक माझ्याकडे तोंड नाय. नुसतां सांगतंय."

पलीकडून काय आलं ते आम्हाला ऐकू आलं नाही. तिने "होय" म्हटलं, थांबून पुन्हा "होय" म्हटलं, आणि फोन माझ्याकडे परत दिला. तो बंद झाला होता.

"काय म्हणाली?" दर्शनाने विचारलं.

"म्हणाली, ऐकलं मी."

"एवढंच?"

आईने पदराने तोंड पुसलं. मी आजवर कोर्टात जिंकलेली माणसं पुष्कळ पाहिली आहेत. ह्या बाईच्या चेहऱ्यावर जे होतं ते त्यांतल्या कुणाच्याही चेहऱ्यावर पाहिलेलं नाही, आणि त्याला काय म्हणतात तेही मला नीटसं ठाऊक नाही.

"एवढांच," ती म्हणाली. "खूप झालां गो. ऐकल्यान तरी."